हबशी जांभळाचा जामीन

मल्हारी, आज होळी आहे. आज कुणाला चार शिव्या हासडल्या तरी कुणी मनाला लावून घेत नाही, शास्त्रही कानाडोळा करतं. म्हणून तुला लिहायला मुद्दाम आजचा दिवस धरला. मेलेल्या माणसाविषयी वाकडं बोलू नये म्हणतात, आणि तुझ्याविषयी सरळ बोलण्यासारखं मला फारसं काही सुचत नाही. तेव्हा सण साधून घेतो.

परवा तुझं दहावं झालं. मी आलो होतो. बोलावणं नव्हतं, तरी आलो होतो आणि लांब बाभळीखाली उभा राहिलो. मनात एक धरून आलो होतो, खोटं कशाला बोलू. मला वाटलं होतं, कावळा अडेल. पिंडाभोवती घिरट्या घालेल, चोच लावणार नाही. तुझे भाऊबंद हात जोडून मुलांना सांभाळू, गाय विकणार नाही असं एकेक कबूल करतील, तरी कावळा हलणार नाही. मग तुझी बायको गंगू माझ्याकडे येईल आणि म्हणेल, पंत, तुम्हीच काहीतरी बोला, त्यांचा जीव तुमच्यापाशी अडकलाय. काय बोलायचं ते मी शनिवार पेठेतून निघतानाच ठरवून घेतलं होतं. वाटेत दोनदा म्हणूनही पाहिलं. आणि इथे पिंड ठेवून माणूस मागे सरतो न सरतो तोच कावळा आला, पोटभर खाल्लं आणि गेला. लोक म्हणाले, भाग्यवान माणूस, काही इच्छा मागे राहिली नाही. मी वहाणा घातल्या आणि घरी आलो. चार वर्षं तू माझ्याशी एक अक्षर बोलला नाहीस, आणि त्याचं तुला इतकंही काही नव्हतं की एका कावळ्याला घटकाभर थांबवून धरावं.

तू आजारी पडल्याचं कळलं तेव्हा मी तुझ्याकडे निघालो होतो, हेही सांगून टाकतो. येरवड्याला जायचं म्हणून संगमापर्यंत गेलो. नावाडी हाका मारत होता, नावेत जागा होती. मी तिथूनच परत फिरलो. घरी सांगितलं, वहाणेचा अंगठा तुटला. वहाण धडधाकट होती. माझं म्हणणं एवढंच होतं की मी नदी ओलांडून यायचं, आणि तू पलीकडे तोंड फिरवून निजायचंस, असं झालं तर मी कोणतं तोंड घेऊन परत यायचं? तू तोंड फिरवलंच असतंस. मी तुला ओळखून आहे.

सोळा वर्षांपूर्वी सरदारांनी नदीकाठची बाग करायला घेतली तेव्हा तू माळी म्हणून आलास आणि मी कारकून म्हणून. तुझ्या हातात खुरपं, माझ्या हातात बोरू. कोणतं रोप कुठे लागलं, पहिला बहर कधी आला, कुठल्या देवळाला किती परड्या गेल्या, हे मी बागेच्या वहीत लिहायचं आणि महिन्याच्या महिन्याला बाईसाहेबांना वाचून दाखवायचं. सरदार बाराही महिने मोहिमेवर; बाग खरी बाईसाहेबांचीच. पहिल्याच दिवशी मी तुला आळी कशी आखायची ते सांगितलं. तू सगळं ऐकून घेतलंस, मान डोलावलीस आणि तुला हवी तशी आखलीस. पाणी बरोबर शेवटच्या आळ्यापर्यंत गेलं, ही तुझी चूक मी कधी माफ केली नाही.

त्याच वर्षी तो हबशी आला. बंदरावरून घोडे घेऊन सरदारांच्या पागेत आला होता. काळाभोर, उंच, कानात चांदीची बाळी. बाईसाहेबांना नजराणा म्हणून त्याने आपल्या मुलखातल्या झाडाच्या मूठभर कोया दिल्या. समुद्रापलीकडचं झाड, पान कधी झडत नाही, आमच्याकडे राजेलोकांच्या दारात असतं, असं काहीसं म्हणाला. तू त्या कोया शेणात घोळून पेरल्यास. दोनच उगवल्या. बाईसाहेबांनी हौदाच्या डाव्या अंगाला एक आणि उजव्या अंगाला एक अशी लावायला सांगितली. मी वहीत लिहिलं, ‘हबशी वृक्ष, नग दोन.’ तू त्यांना हबशी जांभूळ म्हणायचास, कारण पान तसं तकतकीत होतं. बागेत नाव तुझंच चाललं. माझं वहीत राहिलं.

झाडं झाली मात्र देखणी. कबूल करतो. फाल्गुनात सगळी बाग केस उतरवल्यासारखी उघडी पडली तरी ती दोघं हिरवीगार. कोयत्यासारखी जरा वाकडी पानं, आणि त्या गर्द हिरव्यात मधूनच एखादं पान लालभडक. पाहुणे आले की बाईसाहेब त्यांना हौदावर नेत आणि ते लाल पान दाखवत. पण फळ नाही. पाच वर्षं झाली. बारीकसा मोहोर यायचा, गळून जायचा. हबशाने तर फळाचं एवढं वर्णन केलं होतं, त्याचा मुरंबा होतो म्हणून. बाईसाहेबांना त्या मुरंब्याने वेड लावलं होतं.

मग तू तुझी रीत काढलीस. तुमच्याकडे म्हणे न फळणाऱ्या झाडाला होळीच्या सकाळी विचारायचं असतं. एकाने कुऱ्हाड घेऊन झाडापुढे उभं राहायचं आणि म्हणायचं, फळतंस का तोडू? तीनदा विचारायचं. तिसऱ्यांदा कुऱ्हाड डोक्यावर उचलायची. तेवढ्यात दुसऱ्याने मध्ये पडायचं आणि झाडाच्या वतीने म्हणायचं, थांब, यंदा सोड, येत्या साली फळेल, मी जामीन. मग कुऱ्हाड खाली ठेवायची, बुंध्याशी पुरणाची पोळी ठेवायची आणि हसत घरी जायचं. जामीन कुणी राहिलं नाही तर मात्र झाड तोडायचं आणि त्याच संध्याकाळी होळीत घालायचं. रीत म्हणजे रीत. उचललेली कुऱ्हाड तशीच खाली ठेवली तर झाडं माणसाला भीत नाहीत, पुढे काही फळत नाही, असं तू बाईसाहेबांना सांगितलंस. त्यांना ते पटलं. त्यांना तुझं सगळंच पटायचं.

जामीन कोण राहणार, तर म्हणालास, पंत. शब्दाला वजन असलेला माणूस पाहिजे, कागदावर सही करणारा. मला आतून बरं वाटलं, वरून मी कुरकुर केली. चार होळ्या मी त्या दोन झाडांना जामीन राहिलो. पहिल्या वर्षी मला हसू आवरेना. तू मात्र असा काही डोळे वटारून कुऱ्हाड उचललीस की माझ्या तोंडून शब्द आपोआप बाहेर पडला. दुसऱ्या वर्षी आपण दोघांनी जरा रंगवलं. तू म्हणालास, गेल्या साली बी हेच बोलला व्हता पंत, तुमच्या जामिनावर इश्वास कसा ठेवू? मी म्हणालो, आणखी एक वर्ष दे. बाईसाहेब पदर तोंडाला लावून हसत होत्या. पोळी ठेवून झाल्यावर आपण दोघं हौदाच्या कट्ट्यावर बसलो होतो. तू मध्ये एक माणूस बसेल एवढं अंतर ठेवून बसलास, आणि मी ते अंतर कमी केलं नाही. तरी त्या सकाळी मला जो आनंद होत असे तो घरच्या सणाला होत नसे. हे मी तुला त्या वेळी सांगितलं नाही. आता सांगून काय उपयोग?

चौथ्या होळीनंतर दसऱ्याच्या सुमारास उजव्या झाडाला फळ धरलं. ओंजळभर. बोरापेक्षा थोडं मोठं, लाल, आंबट, आत ही एवढी कोय. तू पहाटे माझ्या दाराशी आलास, पेठेतले लोक बघतायत याचं भान नाही, आणि म्हणालास, पंत, तुमचा जामीन सुटला. मी तसाच तुझ्याबरोबर बागेत आलो. तू एक फळ तोडून माझ्या हातावर वरून टाकलंस. मी ते तिथेच खाल्लं, आंघोळ झालेली नसताना.

आता भांडणाकडे येतो. ते तुझ्यामुळे झालं, माझ्यामुळे नाही.

मी वहीत लिहिलं, ‘उजवे बाजूचे हबशी वृक्षास कारकून विसाजीपंत यांचे देखरेखीखाली प्रथम फळ आले.’ यात काय खोटं होतं? वहीत माळ्याचं नाव लिहायची रीतच नव्हती. माझ्या आधीच्या कारकुनाने लिहिलं नाही, माझ्यानंतरचाही लिहिणार नाही. ते वाचून बाईसाहेबांनी मला शेला दिला, भर दिवाळीत, सगळ्यांच्या समोर. तुला नारळ दिला. आता शेला मिळेल हे मला काय ठाऊक? आणि मिळाल्यावर मी काय म्हणायला हवं होतं? हा मल्हारीला द्या? तो शेला खांद्यावर घेऊन मी हौदाकडून येत होतो, तू गडीमाणसांत उभा होतास, आणि तू मोठ्याने म्हणालास, “पंत, झाड काय लिवून येतं व्हय?”

सगळे हसले. पागेतले हसले, पाणके हसले, जिन्यात उभ्या असलेल्या बाईसाहेबांच्या दासी हसल्या. मी शेला सावरत पुढे निघालो. उत्तर सुचलं होतं, पण ते खरं नव्हतं.

दिवाळी ते होळी आपण कामापुरतं बोलत होतो. मी आज्ञा केल्यासारखं सांगायचो, तू जी म्हणायचास, आणि तुझ्या त्या ‘जी’ने माझं डोकं तडकायचं. शेला मी पेटीत ठेवून दिला होता, अंगावर घेतला नाही. ते तुझ्या लक्षात आलं होतं की नाही देव जाणे.

मग होळी आली. पाचवी. उजवं झाड फळलेलं, ते सुटलं. डाव्याला विचारायचं होतं. बाईसाहेब चौथऱ्यावर बसल्या होत्या, झाडून सगळी माणसं जमली होती. तू कुऱ्हाड घेऊन डाव्या झाडापुढे उभा राहिलास. पहिल्यांदा विचारलंस. मी माझ्या जागेवर होतो, तुझ्यापासून दहा पावलांवर. दुसऱ्यांदा विचारलंस. इथे तू माझ्याकडे पाहिलंस. मी तुझ्याकडे पाहिलं नाही, हौदाकडे पाहत राहिलो. कात्रजच्या तलावावरून हौदात येणाऱ्या नळाला फाल्गुनात पाणी कमी असतं, धार करंगळीएवढी. त्या धारेखाली कुणीतरी रिकामी घागर लावली होती. मी आपला ती घागर बघत होतो. मनात म्हणत होतो, घे, आता लिहिल्याशिवाय येतं का बघ. आता माझ्या शब्दाशिवाय तुझं झाड कसं वाचतं ते बघू दे सगळ्यांना. मला एवढंच हवं होतं की तू एकदा म्हणावंस, पंत, बोला. नुसतं एवढं. सगळ्यांच्या समोर एकदा माझी गरज लागावी.

तू म्हणाला नाहीस. तिसऱ्यांदा विचारलंस, कुऱ्हाड उचललीस आणि घातलीस. डोळ्याचं पातं लवतं न लवतं तोच घातलीस. गेली सहा वर्षं मी ज्याला त्याला हेच सांगत आलो आहे. मी तोंड उघडणारच होतो, पण त्या दांडगटाने उसंत दिली नाही. बाईसाहेबांना सांगितलं, घरी सांगितलं, पेठेत कट्ट्यावर सांगितलं. लोकांनी मान डोलावली. माळ्याच्या जातीला कसला धीर, असंही एक जण म्हणाला, आणि मी त्याला टोकलं नाही.

संध्याकाळी ते झाड होळीत गेलं. ओलं लाकूड, नुसता धूर झाला. खोडाची मुळं पुढे पंधरवड्याने तूच चार दिवस खणून काढलीस, कारण बाईसाहेबांना तिथे गुलाब हवा होता. त्याआधी आठ दिवस तू उजवा खांदा धरून हिंडत होतास, हात वर जात नव्हता. गंगू तेल चोळायची म्हणे. मी सगळ्यांना सांगत सुटलो, बघा, एवढा आडदांड गडी, एक झाड पाडलं तर खांदा धरला.

पुढच्या दसऱ्याला उजव्या झाडाला एकही फळ आलं नाही. मोहोर आला आणि गेला. त्याच्या पुढच्या वर्षीही तेच. मग तो हबशी पुन्हा आला, घोडे घेऊन. बाईसाहेबांनी त्याला हौदावर नेलं. त्याने उजव्या झाडाच्या बुंध्यावर हात फिरवला, डावीकडे पाहिलं आणि विचारलं, दुसरं कुठे गेलं? बाईसाहेबांनी तिथला गुलाब दाखवला. तो म्हणाला, यात नर वेगळा असतो आणि मादी वेगळी. नर कधी फळत नाही, पण तो जवळ नसला तर मादीही फळत नाही. मी तुझ्याकडे पाहिलं आणि तू माझ्याकडे. जन्म पपईत घालवलेला माळी तू! वाफ्यात नर राखावा लागतो हे तू शेंबड्या पोराला शिकवशील, आणि तुझ्या नाकासमोर दहा वर्षं नर उभा होता ते तुला कळलं नाही. मी तर काय, बोरूबहाद्दर. दोघांनी मिळून त्या झाडाला चार वर्षं धमकावलं, आणि ते बिचारं आपलं काम करून मोकळं झालेलं. नवी रोपं करायची म्हणशील, तर त्या ओंजळभर फळांचा कोयांसकट मुरंबा झाला होता. हबशी म्हणाला, पुढच्या खेपेस आणतो. तो पुन्हा आलाच नाही. तू मात्र पागेत आलेल्या प्रत्येक घोडेवाल्याला विचारायचास, हे मला घोडे सांभाळणाऱ्या मोतद्दारांनी सांगितलं.

त्या दिवसानंतर तू माझ्याशी ‘जी’सुद्धा म्हणेनासा झालास. निरोप गंगूच्या हाती. मी तिला सांगायचो, त्याने हात आवरला असता तर? ती तुला सांगायची. तुझं उत्तर यायचं, त्यांनी तोंड उघडलं असतं तर? चार वर्षं बिचारी हे दोन प्रश्न इकडून तिकडे वाहत होती. तिलाच त्यातलं उत्तर ठाऊक असावं, पण तिला कुणी विचारलं नाही.

आणि फुलं! बागेतून माझ्या देवपूजेला फुलं यायची पहिल्यापासूनची पद्धत. तू ती बंद केली नाहीस. त्यापेक्षा वाईट केलंस. मला झेंडूचा वास सहन होत नाही, डोकं उठतं, हे बागेत एकट्या तुला ठाऊक होतं. हबशी येऊन गेला त्याच्या दुसऱ्या दिवसापासून माझ्या दारात रोज झेंडू. मोगऱ्याच्या दिवसांत झेंडू, चाफ्याच्या दिवसांत झेंडू, आणि बिनझेंडूच्या दिवसांत तो तू कुठून पैदा करायचास ते तुलाच ठाऊक. एक दिवस खाडा नाही. माझी बायको मोतीझऱ्याच्या तापाने पडली होती तेव्हा परडीत झेंडूच्या खाली गुळवेलीची कांडी आणि खडीसाखरेची पुडी असायची. वर झेंडू तो झेंडूच. ती बरी झाली. मी निरोप पाठवला नाही. तू गेलास त्या सकाळीही परडी आली होती. आदल्या दिवशी तूच भरून ठेवली असणार. माझ्या देवाने चार वर्षं तुझा सूड भोगला, मल्हारी, आणि गेले अकरा दिवस दाराशी काही नाही तर पूजेला बसवत नाही मला.

उजव्या झाडावर या सहा वर्षांत बाईसाहेबांचा दर होळीला डोळा होता. फळ नाही तर जागा तरी मोकळी करा, तिथे कारंजं करू, असं त्यांनी किती वेळा म्हटलं. दर वेळी तू चौथऱ्यापुढे जाऊन म्हणायचास, येत्या साली फळंल, आईसाहेब. तुला पक्कं ठाऊक होतं की ते कधी फळणार नाही. त्यांनाही ठाऊक होतं. तुझ्या तोंडाकडे बघून त्या विषय सोडायच्या. मी तेवढा वेळ वहीत डोकं घालून बसायचो. तू गेलास आणि चौथ्या दिवशी बाईसाहेबांनी मला बोलावलं. म्हणाल्या, “पंत, मल्हारी नाही. या होळीला रीत तुम्ही करायची. तीनदा विचारा. कुणी जामीन राहिलं तर राहू दे झाड, नाहीतर संध्याकाळी होळीत जाऊ दे.”

आणि दहाव्याहून परत आलो तर माझ्या मागोमाग गंगू आली. कपाळ मोकळं, हातात फडक्यात गुंडाळलेली तुझी कुऱ्हाड. उंबऱ्याबाहेर ठेवली आणि म्हणाली, “तुमच्या हातात द्यायला सांगितली हाय. दुसरं काय बी बोलू नको म्हनले.” मी विचारलं, आणखी काहीच नाही? तिने मान हलवली आणि गेली. मी संतापलो. मरताना माणूस क्षमा मागतो, निदान क्षमा करतो. तू मला कुऱ्हाड पाठवलीस. कारकुनाच्या हातात कुऱ्हाड, हा तुझा शेवटचा टोमणा, असं मी समजलो. दोन दिवस ती उंबऱ्याबाहेरच होती.

आज सकाळी ती घेऊन बागेत गेलो. सगळे जमले होते. बाईसाहेब चौथऱ्यावर. गंगू सुतकातली, ती आली नव्हती. मी उजव्या झाडापुढे उभा राहिलो. फळतंस का तोडू, म्हटलं. दुसऱ्यांदा विचारलं आणि आजूबाजूला पाहिलं. पाणक्यांकडे, मोतद्दारांकडे, दासींकडे. मला वाटलं, कुणीतरी बोलेल. एवढी माणसं, त्या झाडाखाली दुपारची भाकरी खाणारी. सगळे खाली बघत होते. कुणी कशाला बोलावं? ज्याने जामीन राहायचं तो तर कुऱ्हाड घेऊन उभा. तिसऱ्यांदा विचारलं आणि उचलली.

तुझी कुऱ्हाड जड आहे रे. खाली असताना कळत नाही. डोक्यावर नेली की सगळा भार मनगटात आणि खांद्यात उतरतो. पाय फाकवून उभं राहावं लागतं. मी थांबलो. कुणीतरी बोलेल म्हणून थांबलो. समोर हौद होता आणि धारेखाली घागर होती, तीच जागा, तीच करंगळीएवढी धार. घागर नुकतीच लावलेली, रिकामी. आत पाणी पडल्याचा पोकळ आवाज येत होता. माझे दंड थरथरायला लागले. मान ताठली. आणि मला सहा वर्षांपूर्वीची ती घागर आठवली.

आता ऐक. सहा वर्षं कुणाला सांगितलं नाही ते सांगतो. त्या दिवशी तू कुऱ्हाड उचललीस तेव्हा मी बघत होतो ती घागर रिकामी होती. कुऱ्हाड पडल्याचा आवाज आला तेव्हा ती काठोकाठ भरून फरशीवर वाहत होती. मी सगळा वेळ तिच्याकडेच बघत होतो, त्यामुळे यात चूक होणं शक्य नाही. तू पातं लवण्याइतकंही थांबला नाहीस असं जे मी गावभर सांगत फिरलो, ते सांगतानाही मला डोळ्यांपुढे वाहणारी घागर दिसायची. मी म्हणायचो, धार त्या दिवशी मोठी असेल. धार मोठी नव्हती, मल्हारी. तू थांबला होतास. तू तेवढा वेळ हात वर धरून माझ्या एका शब्दासाठी उभा होतास, आणि मग तुझा खांदा आठ दिवस वर जाईना तेव्हा मी हसलो.

मी कुऱ्हाड खाली आणली. बाईसाहेबांकडे तोंड केलं आणि म्हणालो, “थांबा. यंदा सोडा. येत्या साली फळेल. मी जामीन.”

विचारणाराही मीच आणि जामीनही मीच, अशी रीत कुठे नसते. दासींपैकी कुणीतरी फिसकन हसलं. बाईसाहेब हसल्या नाहीत. म्हणाल्या, ठीक आहे, पोळी ठेवा. झाड राहिलं. मग मी तिथेच हौदाच्या कट्ट्यावर वही उघडली, सोळा वर्षांपूर्वीचं पान काढलं, आणि ‘हबशी वृक्ष, नग दोन’ याच्यापुढे लिहिलं, ‘लावणार मल्हारी माळी.’ शाई जुन्या शाईहून काळी दिसते. दिसू दे.

आता दुपार आहे. बाहेर पोरं बोंबा मारत लाकडं गोळा करतायत. तुला शिव्या द्यायला बसलो होतो आणि त्यातल्या किती जागेवर लागल्या ते तूच बघ. राग गेलेला नाही, तू समजू नकोस. तू एकदा म्हणायचं होतंस, पंत, बोला. तुझंही तोंड कुणी शिवलं नव्हतं. ते फळणार नाही, तरी पुढच्या होळीला मी पुन्हा तिथे उभा राहणार, त्याच्या पुढच्याही राहीन, हात आहेत तोवर.

फक्त एक तुला सांगायचं राहिलं, म्हणून एवढा कागद. माझे हात खाली आले तेव्हा घागर अर्धीसुद्धा भरली नव्हती.